आपली इंग्रजी कोण मोजणार?



काही वर्षांपूर्वी मी एका सामाजिक संस्थेत मुलाखतीला गेले होते. संस्थेचं नाव इथे महत्त्वाचं नाही. वस्त्यांमध्ये रेशन, शिष्यवृत्ती, जातीचे दाखले यांचं काम बघणाऱ्या समन्वयकाचं पद होतं. हे काम मी पाच वर्षं करत होते. मुलाखत मात्र इंग्रजीत होती. मी म्हणाले, ‘आय ॲम हॅविंग फाइव्ह इयर्स एक्सपिरियन्स.’ मग सांगितलं की वस्तीतल्या बायकांबरोबर आम्ही रेशनकार्डाच्या अडचणींवर बैठका घेतल्या, आणि तिथे माझ्या तोंडून ‘वुई डिस्कस्ड अबाउट रेशन कार्ड’ असं वाक्य गेलं. टेबलापलीकडच्या बाई हसल्या. म्हणाल्या, ‘वुई डोन्ट डिस्कस अबाउट. वुई जस्ट डिस्कस.’ शेजारचे दोघेही हसले. त्यानंतर रेशनकार्डावर एकही प्रश्न आला नाही.

ते पद मला मिळालं नाही. इंग्रजीमुळेच मिळालं नाही असं मी म्हणणार नाही, तसा पुरावा माझ्याकडे नाही. पण त्या दिवसानंतर दोनेक वर्षं मी कुठल्याच बैठकीत इंग्रजीत तोंड उघडलं नाही. हे नुकसान मात्र नक्की झालं आणि ते मोजायला कुणी येत नाही. आजचा लेख या मोजण्याबद्दल आहे.

आमच्या विहारात दर रविवारी इंग्रजीचा वर्ग चालतो. तिथे येणाऱ्या एका मुलीला एम.एस्सी.साठी जर्मनीला जायचं आहे. वडील शिरोली एमआयडीसीतल्या फौंड्रीत कामाला. ‘ताई, डाडचा फॉर्म बघूया का?’ असं म्हणून ती मोबाइल घेऊन बसली. डाड म्हणजे जर्मनीची शिष्यवृत्ती देणारी मोठी संस्था, मुख्यालय बॉन शहरात. संस्थेची माहिती वाचताना अध्यक्षांचं नाव दिसलं: जॉयब्रतो मुखर्जी.

खरं सांगते, माझं पहिलं मत आडनावावर बनलं. मुखर्जी म्हणजे बंगालचं ब्राह्मण आडनाव. मनात आलं, घ्या, जर्मनीतही हेच. मी त्या मुलीला बोलूनही दाखवलं. ती म्हणाली, ‘ताई, ते कोण आहेत ते वाचलं का तुम्ही?’ वाचलं नव्हतं. आडनावावरून माणूस मोजायचा नाही हे आपण रोज इतरांना सांगतो आणि मी तेच केलं होतं. म्हणून रात्री बसून वाचलं. वाचता वाचता लक्षात आलं की हा माणूस मुळात इंग्रजी भाषेचा अभ्यासक आहे, आणि ज्या वाक्यावर माझ्या मुलाखतीत हसू झालं तशाच वाक्यांवर त्याने आपली विद्वत्ता उभी केली आहे.

आधी माणूस बघू. मुखर्जींचा जन्म १९७३ सालचा, पश्चिम जर्मनीतल्या ड्युरेन शहरातला. आईवडील भारतातून तिकडे गेलेले. शिक्षण आखेनच्या विद्यापीठात. विषय इंग्रजी, जीवशास्त्र आणि शिक्षणशास्त्र, म्हणजे शाळेत शिक्षक होण्यासाठीचा रस्ता. २००० साली बॉन विद्यापीठाची डॉक्टरेट. २००३ साली त्याच विद्यापीठात हॅबिलिटेशन. हा शब्द आपल्याकडे नाही. जर्मनीत पीएच.डी. झाली की लगेच प्राध्यापक होता येत नाही. पारंपरिक वाटेने जायचं तर आणखी एक मोठं संशोधन सिद्ध करावं लागतं, ते म्हणजे हॅबिलिटेशन. अनेकांची चाळिशी यात उलटते. मुखर्जी २००३ सालीच गीसेनच्या युस्टुस लीबिग विद्यापीठात इंग्रजी भाषाशास्त्राचे प्राध्यापक झाले. १६०७ साली स्थापन झालेल्या या विद्यापीठाचे ते २००९ मध्ये अध्यक्ष झाले, तेव्हा वय छत्तीस. जर्मनीतले त्या वेळचे सर्वांत तरुण विद्यापीठ अध्यक्ष म्हणून त्यांचं नाव घेतलं गेलं. २०२० पासून ते डाडचे अध्यक्ष आहेत आणि २०२३ मध्ये कोलोन विद्यापीठाचे रेक्टर झाले.

बॉनचं नाव वाचून आपल्यापैकी अनेकांना बाबासाहेब आठवले असतील. लंडनमध्ये शिकत असताना, १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला, बाबासाहेबांनी बॉन विद्यापीठात नाव नोंदवलं होतं. त्यांना जर्मन येत होती. तिथला अभ्यास पुरा झाला नाही, पण महार घरातून आलेल्या एका विद्यार्थ्याने न्यूयॉर्क आणि लंडनवर न थांबता बॉनचाही दरवाजा वाजवला होता, हे विसरायचं नाही. फौंड्री कामगाराच्या मुलीने आज डाडचा फॉर्म उघडणं ही त्याच रस्त्यावरची चाल आहे.

मुखर्जींचा रस्ता आणि आपला रस्ता एक नाही, हेही बघायला हवं. जर्मनीतल्या बहुतेक राज्यांत चौथीनंतर मुलांची वाटणी होते: कुणी विद्यापीठाकडे नेणाऱ्या शाळेत, कुणी कारागिरीकडे नेणाऱ्या शाळेत. घरची परिस्थिती आणि मुलाचे गुण यांचं नातं तिथे फार घट्ट आहे हे २००० सालच्या पिसा चाचणीत दिसलं आणि देशभर खळबळ उडाली. परदेशातून आलेल्या कामगारांची मुलं या वाटणीत मोठ्या संख्येने खालच्या शाळेत गेली. तेव्हा जर्मनी म्हणजे समतेचा स्वर्ग असं मी म्हणत नाही. पण भारतातून आलेल्या घरातला मुलगा त्यांच्याच विद्यापीठात प्राध्यापक होतो, तोही इंग्रजीचा, जी ना त्याच्या देशाची भाषा ना आईवडिलांची, यामागे जे सार्वजनिक शिक्षण उभं आहे ते बघितलं पाहिजे. तिथल्या बहुतेक सरकारी विद्यापीठांत आज शिकवणी शुल्क नाही. आपल्याकडे शिष्यवृत्तीचा हप्ता वेळेत आला नाही म्हणून पहिल्या वर्षालाच कॉलेज सोडलेली पोरं आमच्या एका गल्लीत मला दाखवता येतील.

आता कामाकडे येऊ. मुखर्जी कॉर्पस भाषाशास्त्रातले. कॉर्पस म्हणजे भाषेचा साठा. लोक खरोखर जे बोलले, लिहिले, छापलं, ते लाखो शब्दांनी गोळा करायचं, संगणकात घालायचं आणि मग मोजायचं. भाषा कशी असावी हे व्याकरणाचं पुस्तक सांगतं, तर साठा ती कशी आहे हे दाखवतो. समाजशास्त्र शिकलेल्या माणसाला हा फरक लगेच कळतो. धर्मग्रंथात समाज कसा सांगितलाय आणि गावात पाणवठा कुणाचा आहे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

मुखर्जींचा आवडीचा प्रश्न क्रियापदांचा. एखाद्या क्रियापदाच्या मागे काय काय येतं? ‘गिव्ह मी द बुक’ यात दोन कर्मं आहेत, कुणाला आणि काय. या दोन कर्मांच्या क्रियापदांवर त्यांचं २००५ सालचं पुस्तक आहे. मग हाच प्रश्न त्यांनी भारतीय इंग्रजीला विचारला. २००६ साली सेबास्टियन हॉफमान यांच्याबरोबर लिहिलेल्या निबंधात त्यांनी दाखवलं की ब्रिटिश इंग्रजीच्या तुलनेत भारतीय इंग्रजीत ‘गिव्ह’ दोन कर्मांसह कमी वेळा येतं. उलट जी क्रियापदं ब्रिटिश माणूस दोन कर्मांनी वापरत नाही, ती आपण तशी वापरतो. ‘इन्फॉर्म’ त्यातलंच. ब्रिटिश वळणाने ‘इन्फॉर्म मी ऑफ द डेट’, आपल्याकडे ‘इन्फॉर्म मी द डेट’.

असं का होतं? आपल्याला येत नाही म्हणून, हे शाळेतलं उत्तर. मुखर्जींचं उत्तर वेगळं आहे. ‘इन्फॉर्म’ म्हणजे माहिती देणं. देणं म्हणजे ‘गिव्ह’. ‘गिव्ह’ला दोन कर्मं चालतात तर ‘इन्फॉर्म’ला का नाही? बोलणारा अर्थाच्या साम्यावरून रचना पुढे नेतो. भाषा अशीच वाढते. खुद्द इंग्लंडमधली इंग्रजीही अशीच वाढली. यात मी माझी भर घालते: मराठीत आपण ‘मला तारीख कळवा’ म्हणतो. कुणाला आणि काय, दोन्ही सरळ. ‘डिस्कस अबाउट’चंही तेच. ‘टॉक अबाउट’ चालतं, ‘डिस्कशन अबाउट’ चालतं, मग ‘डिस्कस अबाउट’ हे डोकं चालवून केलेलं वाक्य आहे. आणि ‘आय ॲम हॅविंग’ हे तर भारतीय इंग्रजीच्या अभ्यासात इतक्या वेळा नोंदवलेलं रूप आहे की त्याला एका माणसाची चूक म्हणणं म्हणजे पावसाला चूक म्हणण्यासारखं आहे.

हे वाचताना मुलाखतीतलं ते टेबल माझ्या डोळ्यांसमोर होतं. जे रूप लाखो माणसं एकाच पद्धतीने वापरतात त्याला नियम म्हणायचं की चूक, हे कोण ठरवतं?

मुखर्जींचा २००७ सालचा एक निबंध याच्या जवळ जातो. त्याआधी एडगर श्नायडर या दुसऱ्या अभ्यासकाने वसाहतींमधल्या इंग्रजीच्या वाढीचे पाच टप्पे मांडले होते: इंग्रजी येते, साहेबाच्या मापाने स्थिरावते, मातीत रुजते, स्वतःचं माप स्वतः ठरवते आणि शेवटी तिच्यातून पोटप्रकार फुटतात. श्नायडरच्या मते भारत तिसऱ्या टप्प्यात. मुखर्जी म्हणाले, भारतीय इंग्रजी चौथ्या टप्प्यापर्यंत आलेली आहे आणि तिथे ती एका समतोलात उभी आहे. पुढे ढकलणाऱ्या शक्ती आहेत, मागे ओढणाऱ्याही आहेत. मागे ओढणाऱ्यांमध्ये एक म्हणजे भारतीयांचीच आपल्या इंग्रजीबद्दलची नाराजी. आपण बोलतो एक आणि खरं मानतो दुसरंच.

इथे मी थांबले. ‘भारतीयांची नाराजी’ हा शब्दप्रयोग मला पटला नाही. कुठल्या भारतीयांची? मला हसणाऱ्या बाई भारतीयच होत्या आणि हसू ज्याच्यावर झालं ती मीही भारतीयच. लाज दोघींच्या वाट्याला सारखी आलेली नव्हती.

हा मुद्दा नीट मांडायचा तर कोल्हापूरला यावं लागतं, कारण भारतीय इंग्रजीचा पहिला मोठा साठा तयार झाला तो कोल्हापुरात, शिवाजी विद्यापीठात. प्रा. एस. व्ही. शास्त्री यांच्या मार्गदर्शनाखाली १९८० च्या दशकात ‘कोल्हापूर कॉर्पस’ उभा राहिला. अमेरिकेतल्या ब्राऊन कॉर्पसच्या धर्तीवर सुमारे दहा लाख शब्द, पाचशे उतारे, प्रत्येकी साधारण दोन हजार शब्दांचे. जगभरातले इंग्रजीचे अभ्यासक आपल्या कोल्हापूरचं नाव या साठ्यामुळे घेतात. त्यानंतर इंग्रजीच्या आंतरराष्ट्रीय कॉर्पसचा भारतीय भाग झाला, तोही शास्त्री आणि बर्लिनच्या फ्री विद्यापीठातले गेरहार्ड लाइटनर यांच्या देखरेखीखाली. मुखर्जींसारख्या जर्मन अभ्यासकांनी भारतीय इंग्रजीबद्दल जे निष्कर्ष काढले, त्यांचा एक मोठा पाया इथला आहे. त्याच विद्यापीठात मी समाजशास्त्रात एम.ए. केलं. दोन वर्षं त्या आवारात चालले, पण शेजारच्या इमारतीत देशाची इंग्रजी मोजली गेली होती हे मला कळलं ते एका जर्मन प्राध्यापकाचं काम वाचून.

अभिमान वाटला. पण अभिमान बाजूला ठेवून साठ्यात काय आहे ते बघू. कोल्हापूर कॉर्पसमध्ये १९७८ साली प्रसिद्ध झालेला इंग्रजी मजकूर आहे. चळवळीतल्या माणसाला १९७८ हे साल सांगावं लागत नाही. २७ जुलै १९७८ ला विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याचा ठराव केला आणि त्यानंतर मराठवाड्यात आपली घरं जाळली गेली. पोचिराम कांबळेंचा खून त्याच दिवसांतला. एका विद्यापीठाला नाव देण्यावरून माणसं मारली जात होती, त्याच वर्षीच्या छापील इंग्रजीतून पुढे देशाच्या इंग्रजीचा नमुना घेतला गेला. ज्यांची घरं जळली त्यांच्या हातात त्या वर्षी इंग्रजी छापखाना नव्हता. त्यांचं दुःख छापलं गेलं असेल तर ते दुसऱ्याच्या वाक्यात. शास्त्रींच्या हेतूवर माझा आक्षेप नाही, कारण छापलेल्यातूनच निवड करायची असं ठरलं की जो छापत नाही तो आपोआप बाहेर राहतो.

आंतरराष्ट्रीय कॉर्पसचा नियम तर स्पष्टच आहे. ज्याचं बोलणं-लिहिणं घ्यायचं तो अठरा वर्षांवरचा हवा आणि इंग्रजी माध्यमातून शिकलेला हवा. एखादी व्यक्ती सार्वजनिक जीवनात मोठी असेल, राजकारणी किंवा लेखक असेल, तर सवलत आहे. वेगवेगळ्या देशांची इंग्रजी एका मापाने ताडायची म्हणून हा नियम केला, हे शास्त्रीय कारण मला समजतं. पण त्याचा परिणाम बघा. जिल्हा परिषदेच्या मराठी शाळेत शिकून, एबीसीडी गिरवून, पुढे कॉलेजात धडपडत इंग्रजी मिळवलेला जो आपला तरुण आहे, तो या मापात बसत नाही. तो बँकेत, कोर्टात, कॉल सेंटरमध्ये, तहसीलच्या पायरीवर रोज इंग्रजी वापरतो. पण ‘भारतीय इंग्रजी’ म्हणून जी मोजली गेली त्यात तो नाही.

वर्तमानपत्रांचंही तसंच. मुखर्जी आणि हॉफमान यांनी नव्या रचना शोधायला कोलकात्याच्या ‘द स्टेट्समन’चा मजकूर वापरला. पुढे गीसेनमध्ये दक्षिण आशियातल्या सहा देशांच्या इंग्रजी वर्तमानपत्रांचा मोठा साठा झाला. आता हे आठवा: १९९६ साली बी. एन. उनियाल या पत्रकाराने दिल्लीत दलित पत्रकाराचा शोध घेतला आणि अधिस्वीकृतीधारक पत्रकारांच्या यादीत त्यांना एकही सापडला नाही. मग वर्तमानपत्राची इंग्रजी ही देशाची इंग्रजी कशी? ती त्या दालनात बसलेल्यांची इंग्रजी. या साठ्यांच्या आराखड्यात बोलणाऱ्याचं वय, लिंग, शिक्षण, मातृभाषा असे रकाने असतात. जातीचा रकाना नसतो. आणि आपल्या देशात कुणाच्या तोंडात कोणती इंग्रजी येते हे जातीशिवाय सांगता येत नाही, असं माझं ठाम मत आहे.

म्हणून मुखर्जींचं काम फेकून द्यायचं का? अजिबात नाही. आडनाव बघून मी जी चूक केली ती दुसऱ्यांदा करणार नाही. त्यांच्या कामाने आपल्या हातात एक पक्का युक्तिवाद दिला आहे: ज्याला चूक म्हणून हसलं जातं त्याला नियम असतो आणि तो नियम मोजून दाखवता येतो. फक्त त्यापुढचा प्रश्न आपण विचारायचा. एखादं रूप किती वेळा आलं हे साठा मोजतो. ते वापरल्याबद्दल कुणाला काय भोगावं लागलं, हे तो मोजत नाही. ‘प्रीपोन’ हा शब्दही भारतातच रुजलेला. मोठ्या कंपनीतला साहेब तो बिनधास्त वापरतो, त्याला कुणी अडवत नाही, उलट कौतुकाने लेख लिहिले जातात. ‘डिस्कस अबाउट’ मात्र माझ्या तोंडून आलं की माझी शाळा, माझी वस्ती, माझं आडनाव सगळं बाहेर पडतं. दोन्ही रूपं सारखीच भारतीय. एकाला हौस म्हणतात, दुसऱ्याला अडाणीपणा. ही किंमतीतली तफावत म्हणजेच जात, भाषेच्या वेशात आलेली.

हे सगळं मी विहारातल्या एका बैठकीत मांडलं तेव्हा चळवळीतले एक ज्येष्ठ म्हणाले, ‘ताई, पोरांना चोख इंग्रजी शिकवा. चुकीचं तत्त्वज्ञान बनवू नका. बाबासाहेबांनी काय ‘डिस्कस अबाउट’ लिहिलं होतं का?’

हा आक्षेप मी हलक्यात घेत नाही. ‘प्रॉब्लेम ऑफ द रुपी’ हे १९२३ चं पुस्तक, १९३६ चं ‘ॲनिहिलेशन ऑफ कास्ट’, १९५७ साली प्रसिद्ध झालेलं ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ ही सगळी इंग्रजी अशी आहे की साहेबालाही बोट ठेवायला जागा मिळू नये. त्याआधी १८८२ साली जोतीराव फुल्यांनी हंटर आयोगापुढे निवेदन दिलं तेही इंग्रजीत. आपल्या महापुरुषांनी इंग्रजी हातात घेतली ती राज्यकर्त्याशी त्याच्याच भाषेत भांडायला. २०१० साली उत्तर प्रदेशातल्या लखीमपूर खिरी जिल्ह्यात, बांका गावी, इंग्रजी देवीच्या मंदिराची पायाभरणी झाली. मूर्तिपूजा मला मान्य नाही, पण त्यामागची भूक मला कळते. तेव्हा ‘कशीही बोला, चालतं’ असं म्हणणं म्हणजे आपल्याच पोरांना दुसऱ्या रांगेत बसवणं. ज्यांना अचूक इंग्रजी वारशाने मिळाली आहे त्यांनाच हे वाक्य परवडतं. डाडच्या अर्जात आणि परदेशी शिष्यवृत्तीच्या मुलाखतीत प्रमाण इंग्रजी लागते आणि ती शिकवलीच पाहिजे. आमच्या वर्गात मी ‘डिस्कस’नंतरचा ‘अबाउट’ लाल पेनाने खोडते. आजही.

पण खोडताना आता मी वेगळं बोलते. पूर्वी म्हणायचे, ‘हे चूक आहे.’ आता म्हणते, ‘हे आपलं आहे, लाखो लोकांचं आहे, यामागे नियम आहे. पण त्या टेबलापलीकडे वेगळा नियम चालतो. तोही शिका, म्हणजे हसायला जागा राहणार नाही.’ वाक्य तेच खोडलं जातं, पण खोडलं जाणारं पोर बदलतं. पहिल्या पद्धतीत ते मान खाली घालतं. दुसऱ्या पद्धतीत विचारतं, ‘ताई, मग त्यांचा नियम कुणी ठरवला?’ बाबासाहेबांनी शिका म्हटलं त्यात हा प्रश्न विचारणंही येतं. बुद्धाने कालामांना सांगितलं तेही हेच, परंपरेने आलं आहे किंवा ग्रंथात आहे एवढ्यावर काही मानू नका. मग ते ग्रंथ व्याकरणाचे का असेनात.

ज्येष्ठांनी शेवटी एवढंच म्हटलं, ‘शिकवणार असशील तर माझी हरकत नाही.’ आमचं तेवढ्यावर जमलं.

आता आपल्याला काय करता येईल? माझा प्रस्ताव साधा आहे. आपल्या तरुणांची इंग्रजी आपण मोजूया. भाषाशास्त्र, समाजशास्त्र, संगणक शिकणारे आपले विद्यार्थी आज विद्यापीठांत आहेत. मराठी माध्यमातून आलेल्या पहिल्या पिढीतल्या मुलामुलींचं बोलणं, त्यांच्या संमतीने, नावं काढून टाकून, जमा करता येईल. नोकरीचे अर्ज, मुलाखतीची तयारी, वकिलाला लिहिलेलं पत्र, सगळं. जातीचा रकाना असलेला, माध्यमाचा रकाना असलेला साठा. आणि एक रकाना असा, जो जगात कुठल्याच साठ्यात मी पाहिलेला नाही: या वाक्यासाठी तुम्हाला कधी कुणी हसलं का, आणि पुढे काय झालं? गीसेनला जे जमलं, पूर्वी कोल्हापूरला जे जमलं, ते आपल्याला का जमू नये? दुसऱ्याने मोजायची वाट बघत बसलो तर आपण कायम ‘बाकीचे’ या रकान्यात राहू.

ती मुलगी अर्ज भरते आहे. परवा तिने हेतुपत्राचा मसुदा वाचून दाखवला. एका ठिकाणी लिहिलं होतं, ‘आय वॉन्ट टू डिस्कस अबाउट माय फादर्स वर्क.’ मी लाल पेन उचललं. ती हसून म्हणाली, ‘माहिताय ताई, काढते. पण आपल्या साठ्यात हे आधी लिहून घ्या.’

मी वही काढली आणि लिहून घेतलं. आपल्या साठ्यातलं ते पहिलं वाक्य.

जय भीम! नमो बुद्धाय!